पिशवीतले खिळे

१८१२ सालच्या २४ जूनची पहाट. कोव्हनो गावाजवळ नेमन नदीवर रातोरात तीन तरते पूल टाकले गेले होते आणि नेपोलियनची महासेना त्यांवरून रशियात उतरत होती. फ्रेंच, पोलिश, जर्मन, इटालियन, डच, स्विस अशा कितीतरी मुलखांची माणसे तिच्यात होती. चार लाखांवर सैनिक आणि त्यांच्याबरोबर दीड लाखाहून जास्त घोडी. पायदळाच्या रांगा तासन्‌तास चालल्या. मग घोडदळ आले. पूल बांधणारे जनरल एब्ले यांचे लोक ओल्या कपड्यांनी काठावर उभे होते, पण त्यांच्याकडे बघायला कुणाला सवड नव्हती. सगळ्यांचे डोळे चिलखती स्वारांवर होते. छातीवर पोलादी पत्रा, शिरस्त्राणाला घोड्याच्या केसांचा तुरा, आणि मांडीखाली नॉर्मंडीतली उंच, भरदार घोडी.

त्या स्वारांत वीस वर्षांचा एक तरुण होता. घोडीवर बसले की त्याला पायदळाच्या टोप्यांच्या वरून क्षितिज दिसे, आणि आपण जग जिंकायला निघालो आहोत याची खात्री पटे. वाटेतल्या चिखलातून घोडी दौडवताना बाजूने चालणाऱ्या शिपायांच्या अंगावर शिंतोडे उडत. ते शिव्या देत, हा हसे.

त्याच रेजिमेंटमध्ये एक म्हातारा नालबंद होता. त्याचे नाव कुठल्याही इतिहासात सापडणार नाही. असे नालबंद प्रत्येक घोडदळात असत आणि इतिहासाने त्यांच्यातल्या फारच थोड्यांची नावे ठेवली. म्हणून या कथेतही तो नुसता नालबंद आहे, आणि स्वार नुसता स्वार.

मुक्काम पडला की नालबंद कमरेला चामडे बांधून घोड्यांच्या रांगेतून फिरे. प्रत्येक घोड्याच्या खांद्याला हात लावून म्हणे, "पाय उचल." खूर मांडीवर घेई, चिखल खरवडी, नाल हलवून बघे, सैल खिळा ठोकी. स्वार त्याला गमतीने म्हणाला, "काका, एवढं मोठं साम्राज्य चाललंय पुढे, आणि तुम्ही रोज खुरातच डोकं घालून बसता."

"तू वर बसतोस पोरा, तुला आभाळ दिसतं," नालबंद म्हणाला. "माझं आभाळ या खुराएवढंच. पण तुझं सगळं आभाळ याच चार खुरांवर उभं आहे, हे विसरू नकोस."

घोड्यांना वाटेत हिरवा चारा मिळावा म्हणून नेपोलियन बादशहाने जून उजाडण्याची वाट पाहिली होती. विचार चांगला होता. पण एवढ्या घोड्यांना पुरेल इतके गवत त्या मुलखात नव्हते. भुकेली जनावरे कोवळी, ओली पिके खात आणि पोटशूळाने तडफडत. जूनच्या अखेरीला विल्नाच्या आसपास मोठे वादळ झाले, गार पाऊस कोसळला, आणि थोड्याच दिवसांत दहा हजारांच्या घरात घोडी मेली. लढाई अजून व्हायचीच होती.

घोडदळाचा सेनापती म्युरा. शूर, देखणा, भरजरी पोशाखाचा. शत्रूच्या पाठीवर सतत धावत राहायचे, एवढेच त्याला ठाऊक होते. दिवसदिवस जीन उतरत नसे आणि पाठी सोलून निघत. एकदा हल्ला जोराचा झाला नाही म्हणून म्युराने बोल लावला, तेव्हा जनरल नांसुती यांनी त्याला सुनावले, असे सांगतात. शिपाई भाकरीवाचून लढतो, पण घोड्यांना देशाभिमान नसतो आणि ओट मिळाल्याशिवाय ती पाय उचलत नाहीत, असा त्यांच्या बोलण्याचा आशय होता. तळावर सगळे हसले. नालबंद हसला नाही. तो त्या रात्री उशिरापर्यंत कंदील घेऊन रांगेत फिरत होता.

बादशहाच्या जवळ आणखी एक माणूस होता, ज्याचे लक्ष घोड्यांवर होते. आर्मां द कोलँकूर हा बादशाही अश्वशाळेचा प्रमुख. १८०७ ते १८११ अशी चार वर्षे तो रशियात फ्रान्सचा राजदूत होता आणि तिथले हिवाळे त्याने अंगावर काढले होते. रशियाचा झार माघार घेत राहील, तह करणार नाही आणि थंडीला आपल्या बाजूने लढायला लावील, हे त्याने परत येताच बादशहाला तासन्‌तास समजावून सांगितले होते. बादशहाने ते मनावर घेतले नाही.

७ सप्टेंबरला बोरोदिनोची लढाई झाली. रशियनांच्या मोठ्या मोर्च्यावर चिलखती स्वारांचा हल्ला गेला, आणि त्याच्या आघाडीला असलेला कोलँकूरचा धाकटा भाऊ ओग्युस्त तिथे पडला. आपला स्वार त्या धुरातून जिवंत बाहेर आला. घोडीच्या मानेवर जखम होती. नालबंदाने ती धुतली, आणि मग नेहमीसारखा खाली वाकून म्हणाला, "पाय उचल."

सात दिवसांनी सैन्य मॉस्कोत शिरले आणि शहर पेटले. तहाचा निरोप येईल म्हणून बादशहा तिथे पाच आठवडे बसून राहिला. हवा आश्चर्य वाटावे इतकी छान होती. कोलँकूरच्या थंडीच्या गोष्टी म्हणजे पोरांना घाबरवायचे बागुलबुवे, अशी थट्टा बादशहा करू लागला.

म्युराचे घोडदळ मॉस्कोच्या दक्षिणेला विंकोवोजवळ तळ देऊन होते. तिथे चारा संपला होता. झोपड्यांच्या छपरांचा पेंढा काढून घोड्यांपुढे टाकीत. एकदा नालबंद लोखंड आणि कोळसा आणायला मॉस्कोत गेला. तिथे त्याने बादशाही अश्वशाळेचे काम पाहिले. कोलँकूरच्या हुकमाने तिथले नालबंद वेगळे नाल घडवीत होते. नालाच्या खालच्या अंगाला लोखंडाची टोके काढलेली, बर्फात रुतून बसतील अशी. साधा नाल झिजून गुळगुळीत झाला की गोठलेल्या वाटेवर आरशावरून घसरावा तसा घसरतो. ही टोके असली की घोडा पाय रोवून चालतो.

नालबंद ते डोळ्यांत साठवून परतला. वरिष्ठांकडे गेला. "हुकूम आलेला नाही," उत्तर मिळाले. बादशाही अश्वशाळेपुरता हुकूम होता, आणि पोलिश स्वार आपल्या मुलखाची थंडी ओळखून स्वतःच ती तजवीज करीत. बाकी सगळ्या घोडदळासाठी कुणी शब्द काढला नव्हता. नालबंदाकडे थोडे लोखंड होते. त्याने रात्री जागून एका घोडीपुरती टोके आणि खिळे करायला घेतले आणि स्वाराला बोलावले.

"पोरा, उद्या घोडी भट्टीपाशी आण. जुने नाल काढून टोकाचे ठोकतो. निम्मा दिवस लागेल."

स्वार तेव्हा खोगिराच्या पिशव्या भरत होता. मॉस्कोच्या जळक्या घरांतून हिंडत आलेल्या एका चांदीच्या मेणबत्तीदानासाठी त्याने आपली ब्रँडी दिली होती. ते पिशवीत मावत नव्हते. "ऊन बघा काका कसं पडलंय! स्मोलेन्स्कला पोचलो की बघू. तिथे कोठारं आहेत, भट्ट्या आहेत."

"ऊन आहे तोवरच हे काम होतं."

"उद्या बघू," स्वार म्हणाला, आणि मेणबत्तीदान आडवे करून आत बसवू लागला.

नालबंदाने खिळे आणि टोके चामड्याच्या पिशवीत घातली आणि पिशवी खांद्याला लावली.

१८ ऑक्टोबरला रशियनांनी विंकोवोच्या तळावर अचानक हल्ला केला. दुसऱ्या दिवशी महासेना मॉस्कोतून निघाली. मागे लुटीने भरलेल्या गाड्यांची अखंड रांग. तीन आठवडेही झाले नाहीत, तोच ६ नोव्हेंबरच्या सुमारास दोरोगोबुझजवळ बर्फ पडू लागले. ते हजारो पायांखाली आणि चाकांखाली दाबले गेले, रात्री गोठले, आणि वाटेची काच झाली.

त्या काचेवर महासेनेचे घोडदळ मेले. एक तोफ साध्या चढावर ओढायला बारा-पंधरा घोडी जुंपावी लागत. पडलेला घोडा आधी पुढचे पाय टेकून उठू पाहतो. नाल घसरतो. पुन्हा टेकतो, पुन्हा घसरतो. चार-पाच वेळा असे झाले की मान टाकतो, आणि शिपाई सुरी घेऊन येतात.

स्वाराची घोडी एका चढावर गुडघ्यांवर आली. त्याने लगाम ओढला, खांदा लावला, स्वतःचा झगा तिच्या खुरांखाली अंथरला. ती उठली, दोन पावले गेली, आणि कुशीवर पडली. स्वार मागे धावत सुटला. गर्दीत म्हातारा पिशवीसकट चालत होता.

"काका! ते खिळे! आता ठोका, लवकर ठोका!"

नालबंद आला. घोडीच्या डोक्याशी बसला. पिशवी उघडून त्याने खिळे दाखवले. "आहेत की. सगळे आहेत. पण भट्टी परवा सोडून दिली, गाडीची घोडी मेली म्हणून. कोळसा नाही. ऐरण मागे चरात पडलीय. थंड लोखंड खुराला बसवायचं कसं, आणि या थंडीत बोटांनी हातोडी धरायची कशी?" त्याने हात पुढे केले. बोटे निळी पडली होती.

तेवढ्यात बाजूने बादशाही अश्वशाळेची घोडी चढ चढू लागली. तोच चढ, तेच बर्फ. रोड झालेली, पाठी निघालेली, पण एकेक पाय रोवत ती वर गेली. खुरांचा तो करकर आवाज स्वाराने आयुष्यभर ऐकला.

नालबंदाने घोडीच्या खांद्याला हात लावला. या वेळी तो काही बोलला नाही.

आता स्वार पायदळ झाला. गुडघ्यांवर येणारे जड बूट घोड्यावर बसण्यासाठी होते, चालण्यासाठी नव्हते. पहिल्याच दिवशी टाचा फुटल्या. मेणबत्तीदान त्याने दुसऱ्या दिवशी बर्फात टाकले, चिलखत तिसऱ्या दिवशी. त्या रात्री शेकोटीशी पायदळाचे काही शिपाई बसले होते. नेमनच्या वाटेवर याच लोकांवर आपण चिखल उडवला असेल, असे त्याच्या मनात आले. एकाने सरकून जागा दिली. दुसऱ्याने त्याचे बूट काढून पायांना चिंध्या गुंडाळल्या आणि कशा गुंडाळायच्या ते शिकवले. पातेल्यात घोड्याचे मांस शिजत होते. ते कुठल्या घोड्याचे, हे त्याने विचारले नाही.

वाटेने जाताना घोड्याशिवायच्या स्वारांची संख्या वाढतच गेली. शेवटी बादशहाच्या रक्षणासाठी ज्या अधिकाऱ्यांकडे अजून घोडी उरली होती, त्यांचे एक पथक उभे केले. त्याला 'पवित्र पथक' म्हणत. त्यात जनरल मंडळी कॅप्टनचे काम करीत आणि कर्नल साध्या नायकाचे. जूनमध्ये ज्या घोडदळाच्या रांगा संपता संपत नव्हत्या, त्याची ही अवस्था नोव्हेंबरमध्ये झाली.

पण त्याच सैन्यात आणखी एक माणूस लोखंड जपत चालला होता. नेमनवर पूल टाकणारे जनरल एब्ले. स्मोलेन्स्क सोडताना त्यांनी आपल्या प्रत्येक पूलबांध्याला हुकूम दिला होता की एक अवजार, पंधरा मोठे खिळे आणि लाकूड जोडायचे काही लोखंडी आकडे अंगावर घेऊन चालायचे. आपल्याच जिवाचे ओझे ज्यांना झेपत नव्हते, अशा माणसांनी ते ओझे वाहिले. ओर्शाला बादशहाने फर्मावले की पूल टाकायच्या होड्या जाळून टाका आणि त्यांची घोडी तोफांना द्या. निदान थोड्या होड्या राहू द्या, अशी विनवणी एब्ले यांनी केली. ती मान्य झाली नाही. होड्या जळाल्या. पण दोन फिरत्या भट्ट्या, कोळशाच्या दोन गाड्या आणि अवजारांच्या सहा पेट्यागाड्या एब्ले यांनी वाचवून बरोबर ठेवल्या.

थोड्याच दिवसांत बेरेझिना नदी आडवी आली. बोरिसोव्हचा पूल रशियनांनी जाळला होता. पुढे शत्रू, मागे शत्रू. त्यातच थंडी थोडी ओसरल्याने गोठलेली नदी सुटली होती आणि पाण्यातून बर्फाचे तुकडे वाहत होते. वाट दाखवली ती एका घोड्याने. जनरल कॉर्बिनो यांच्या हलक्या घोडदळाला एक शेतकरी भेटला, त्याचा घोडा नुकताच भिजलेला होता. म्हणजे तो नदी ओलांडून आला होता. अशा रीतीने स्तुद्यांका गावाजवळचा उतार सापडला. हे ऐकून नालबंद इतक्या दिवसांत पहिल्यांदा हसला. "घोड्याच्या पोटाकडे बघणारा एक तरी माणूस उरलाय म्हणायचा."

२५ नोव्हेंबरच्या रात्री स्तुद्यांकाची लाकडी घरे उतरवून वासे काढले जात होते. भट्ट्या पेटल्या होत्या. नालबंद तिथे गेला, खांद्यावरची पिशवी उतरवली आणि भट्टीपाशी ओतली. त्याची टोके, त्याचे खिळे, सगळे पुन्हा तापले आणि पुलाचे आकडे होऊन निघाले. स्वार कोळसा वाहत होता.

"माझ्या घोडीचे आहेत ते," तो हळूच म्हणाला.

"होय," नालबंद म्हणाला. "इथे भट्टी कुणीतरी सांभाळून आणली, म्हणून उपयोगी पडले. घाल कोळसा."

सकाळी चारशेच्या आसपास पूलबांधे छातीएवढ्या बर्फाळ पाण्यात उतरले. दुपारी एकच्या सुमारास उजवीकडचा पूल तयार झाला, तो पायदळासाठी. चारच्या सुमारास डावीकडचा, तोफा आणि गाड्यांसाठी. डावा पूल त्या रात्री आणि पहाटेपर्यंत तीनदा मोडला. तिन्ही वेळा एब्ले यांनी शेकोटीशी झोपलेल्या माणसांना उठवले, आणि ती माणसे पुन्हा पाण्यात उतरली. पाण्यात उतरलेल्यांपैकी फारच थोडे घरी परतले.

स्वार पायदळाच्या पुलावरून पलीकडे गेला. पुलाच्या मध्यावर त्याने खाली पाहिले. एक माणूस कमरेच्या वर पाण्यात उभा राहून, बर्फाचा तुकडा एका हाताने दूर लोटत, दुसऱ्या हाताने आकडा ठोकत होता. स्वार त्याच्यापेक्षा उंचावर होता, नेमनवर होता तसाच. पण आता त्याला क्षितिज बघावेसे वाटले नाही.

२९ नोव्हेंबरच्या सकाळी, दिलेल्या वेळेच्याही पुढे थांबून, एब्ले यांनी पुलांना आग लावली. आदल्या रात्री पूल मोकळे असताना त्यांनी मागच्या काठावरच्या थकलेल्या हजारोंना उठवून चला म्हटले होते. उद्या बघू म्हणत पुष्कळजण शेकोटीशी बसून राहिले, आणि मागेच राहिले. ते शब्द स्वाराला ओळखीचे वाटले.

५ डिसेंबरला बादशहा सैन्य सोडून पॅरिसला निघाला. बर्फगाडीत त्याच्या शेजारी कोलँकूर बसला होता. एब्ले थकव्याने आणि आजाराने डिसेंबरच्या अखेरीस कोनिग्सबर्गला वारले. आणि विल्नाच्या वाटेवर एका रात्री नालबंद शेकोटीशी बसला, तो सकाळी उठला नाही. स्वाराने त्याचे डोळे मिटले. चामड्याची पिशवी रिकामी होती. ती त्याने आपल्या खांद्याला लावली.

पुढच्या वर्षी बादशहाने नवे पायदळ उभे केले. कोवळी पोरे भरती झाली आणि काही महिन्यांत लढायलाही शिकली. पण घोडी आणि त्यांवर बसणारे अनुभवी स्वार इतक्या झटपट तयार होत नाहीत. २ मे १८१३ला लुट्झेनला आणि २१ मेला बाउट्झेनला फ्रेंच जिंकले, पण पळत्या शत्रूचा पाठलाग करायला पुरेसे घोडदळ नव्हते. शत्रू सावरला. ४ जूनला बादशहाला युद्धविराम करावा लागला, आणि त्यामागे घोडदळाची ही उणीव एक मोठे कारण होती. ऑक्टोबरमध्ये लाइपझिगला तो हरला. वसंतात जे हातातून निसटले, ते पुन्हा हाती आले नाही.

आपल्या स्वाराला त्या वसंतात नवी घोडी मिळाली होती. एके संध्याकाळी, ऊन अजून चांगले असताना, तो रांगेतून फिरत होता. खांद्याला जुनी पिशवी, तिच्यात खिळे. एका नव्या पोराने हसून विचारले, "मोठी लढाई पुढे आहे, आणि तुम्ही रोज खाली काय बघता?"

स्वार उत्तर न देता वाकला, घोडीच्या खांद्याला हात लावला आणि म्हणाला, "पाय उचल."

तात्पर्य: लोखंड पुष्कळांकडे असते, पण कठीण वेळ येते तेव्हा ते घडवायला भट्टी पेटलेली नसते. म्हणून ऊन आहे तोवर खूर पाहावा, आणि रोज वाकून खूर पाहणारा माणूस काही सांगू लागला, तर घोड्यावरून उतरून त्याचे ऐकावे.